ई-टपालपेटी लायब्ररी

ई-टपालपेटी लायब्ररी : ई-टपाल सेवा पुरविणाऱ्या सर्व्हर संगणकावर आलेला संदेश टपालपेटीत ठेवणे, मागणी होताच तो काढून देणे, तो वाचला गेला की नाही याची खूण राखणे, हवा तो संदेश शोधणे, तो एका पेटीतून दुसऱ्या पेटीत हलविणे व अखेरीस नष्ट करणे ही कामे करणाऱ्या तयार उपआज्ञावलींच्या फाइलसंचास ई-टपालपेटी लायब्ररी असे म्हणतात. ई-टपाल वापरणाऱ्याचा या फाइलींशी प्रत्यक्ष संबंध कधीच येत नाही. त्याला पडद्यावर संदेशांची यादी तेवढी दिसते. तथापि ती यादी बरोबर असणे, आलेले पत्र न हरवणे आणि एकाचे पत्र दुसऱ्याच्या हाती न पडणे या तिन्ही गोष्टी बऱ्याच अंशी याच फाइलींच्या अचूकपणावर अवलंबून असतात.

लायब्ररीची संकल्पना : एकच काम अनेक आज्ञावलींत लागत असल्यास ते काम करणारी उपआज्ञावली एकदाच लिहून, तपासून ठेवावी व गरजेनुसार इतरांनी ती वापरावी, ही कल्पना संगणकाइतकीच जुनी आहे. केंब्रिज विद्यापीठातील एड्सॅक हा संगणक १९४९ मध्ये कार्यान्वित झाला. त्यासाठी तयार केलेल्या उपआज्ञावलींच्या संग्रहाचे वर्णन मॉरिस विल्क्स, डेव्हिड व्हीलर व स्टॅन्ली गिल यांनी १९५१ मध्ये प्रसिद्ध केलेल्या ग्रंथात आढळते. तेव्हा या उपआज्ञावली छिद्रित कागदी फितींवर असत. पुढे त्या चकतीवरील फाइलींत ठेवल्या जाऊ लागल्या.

लायब्ररीची फाइल मुख्य आज्ञावलीस दोन प्रकारे जोडता येते. पहिल्या प्रकारात आज्ञावली तयार करतानाच लायब्ररीतील आवश्यक भागाची प्रत तिच्यात समाविष्ट केली जाते. अशी आज्ञावली स्वयंपूर्ण असते. परंतु लायब्ररीतील दोष दुरुस्त झाला, तरी तो लाभ मिळण्यासाठी आज्ञावली नव्याने तयार करावी लागते. दुसऱ्या प्रकारात लायब्ररी स्वतंत्र फाइल म्हणून राहते आणि आज्ञावली सुरू होताना, किंवा चालू असताना, तिला जोडली जाते. युनिक्स कुळातील प्रणालींत अशा सामायिक फाइलींच्या नावापुढे ‘एसओ’ व विंडोज प्रणालीत ‘डीएलएल’ ही अक्षरे येतात. एकाच फाइलीचा उपयोग अनेक आज्ञावली करीत असल्याने स्मृतीची व चकतीवरील जागेची बचत होते आणि एक फाइल बदलताच त्या सर्व आज्ञावली सुधारतात. याच गुणाची दुसरी बाजू अशी की, त्या एका फाइलीत दोष असल्यास तोही सर्वांना बाधतो.

टपालपेटीचा उगम : मॅसॅचूसेट्स इन्स्टिट्यूट ऑफ टेक्नॉलॉजी या संस्थेतील एकाच मोठ्या संगणकाचा सामायिक वापर करणाऱ्यांना एकमेकांसाठी निरोप ठेवता यावा म्हणून टॉम व्हॅन व्ह्लेक व नोएल मॉरिस यांनी १९६५ मध्ये एक आज्ञा तयार केली. ही आज्ञा निरोप घेऊन तो ज्याचा त्याच्या ‘मेल बॉक्स’ नावाच्या फाइलीच्या शेवटी जोडीत असे. इ. स. १९७१ मध्ये रे टॉमलिन्सन यांनी आर्पानेट या जाळ्यावरून एका संगणकावरील निरोप दुसऱ्या संगणकावरील वापरकर्त्याकडे पाठविला आणि व्यक्तीचे नाव व संगणकाचे नाव यांमध्ये ‘अ‍ॅट’ चिन्ह योजण्याची पद्धत पाडली. तेथेही टपालपेटी म्हणजे एक साधी फाइल होती. तीत इतरांना शेवटी भर घालता येई. मात्र आधीचा मजकूर वाचता किंवा बदलता येत नसे. प्रत्यक्ष टपालपेटीच्या फटीतून पत्र आत टाकता येते, पण बाहेर काढता येत नाही, तसाच हा प्रकार होय.

एमबॉक्स रचना : सर्व संदेश एकाखाली एक अशा क्रमाने एकाच फाइलीत लिहिण्याच्या पद्धतीस एमबॉक्स म्हणतात. युनिक्स प्रणालीत ती रूढ झाली. प्रत्येक संदेशाच्या प्रारंभी ‘फ्रॉम’ हा शब्द, त्यापुढे एक रिकामी जागा, प्रेषकाचा पत्ता व दिनांक अशी एक ओळ असते. ही ओळ आली की नवा संदेश सुरू झाला, असे समजावयाचे. ही रचना सोपी असून साध्या मजकूर-संपादकातही ती वाचता येते. परंतु तिच्यात तीन अडचणी आहेत.

पहिली अडचण सीमारेषेची. पत्रलेखकाने स्वतःच्या मजकुरात एखादी ओळ ‘फ्रॉम’ या शब्दाने सुरू केली, तर तेथून दुसरे पत्र सुरू झाले असा गैरसमज होतो. तो टाळण्यासाठी अशा ओळीच्या आरंभी ‘>’ हे चिन्ह घातले जाते. म्हणजेच पेटीत ठेवताना पत्राच्या मजकुरात बदल होतो. हे चिन्ह केव्हा घालावे व केव्हा काढावे याबाबत निरनिराळ्या आज्ञावलींत एकवाक्यता नाही.

दुसरी अडचण खोडण्याची. पाचशे संदेशांच्या फाइलीतील पहिला संदेश काढून टाकावयाचा असल्यास उरलेले ४९९ संदेश पुढे सरकवून पुन्हा लिहावे लागतात. हे काम चालू असताना वीज गेल्यास संपूर्ण पेटीच नासण्याचा धोका असतो. शिवाय जुन्या ३२-बिट प्रणालींत फाइलीचा आकार २,१४,७४,८३,६४७ बाइटपेक्षा मोठा होऊ शकत नसे. त्यामुळे पेटीला वरची मर्यादाही पडे.

तिसरी अडचण एकाच वेळच्या वापराची. नवे पत्र आणून टाकणारी आज्ञावली आणि जुने पत्र खोडणारी आज्ञावली या दोघींनी एकाच क्षणी फाइल लिहावयास घेतली, तर दोघींचेही लेखन बिघडते. त्यासाठी कुलूप लावण्याची प्रथा आहे. एका पद्धतीत पेटीच्या नावापुढे ‘लॉक’ हा प्रत्यय लावून एक लहानशी फाइल निर्माण केली जाते. ती अस्तित्वात आहे तोवर इतरांनी थांबावयाचे असते. दुसऱ्या पद्धतीत संगणकाच्या मूळ कार्यप्रणालीकडूनच कुलूप मागितले जाते. दोन आज्ञावली दोन वेगवेगळ्या पद्धती पाळीत असतील, तर एकीचे कुलूप दुसरीस दिसतच नाही. म्हणूनच कुलपाचे काम प्रत्येक आज्ञावलीकडे न सोपविता ते एकाच लायब्ररीकडे द्यावे, हा विचार पुढे आला.

इतर रचना : अमेरिकेतील रँड कॉर्पोरेशन या संस्थेत १९७० नंतरच्या दशकाच्या अखेरीस तयार झालेल्या एमएच या प्रणालीत प्रत्येक संदेशास स्वतंत्र फाइल व तिला क्रमांक अशी योजना होती. डॅनियल बर्नस्टाइन यांनी क्यूमेल या टपालवाहक आज्ञावलीसाठी १९९५ मध्ये मेलडिर ही रचना पुढे आणली. तीत पेटी म्हणजे ‘टेंप’, ‘न्यू’ व ‘कर’ अशा तीन उपविभागांची एक निर्देशिका असते. नवा संदेश प्रथम ‘टेंप’ मध्ये संपूर्ण लिहिला जातो आणि लेखन पुरे झाल्यावरच तो ‘न्यू’ मध्ये हलविला जातो. हे हलविणे एकाच अविभाज्य कृतीने होत असल्यामुळे अर्धवट लिहिलेले पत्र वाचकाच्या दृष्टीस पडत नाही आणि संदेश टाकण्यासाठी कुलपाचीही गरज राहत नाही. वाचन-आज्ञावलीने दखल घेतलेला संदेश ‘कर’ मध्ये जातो. वाचले, उत्तर दिले, काढून टाकावयाचे इ. खुणा फाइलीच्या नावाच्या शेवटी एकेका अक्षराने दर्शविल्या जातात. मात्र पेटीत हजारो संदेश असल्यास नुसती यादी दाखविण्यासाठीही तितक्याच फाइली उघडाव्या लागतात, ही या रचनेची उणीव आहे. तिच्यावर सूचीचा उपाय योजिला जातो (त्याचे वर्णन पुढे आले आहे).

नियमावली : संदेश एका सर्व्हरकडून दुसऱ्याकडे नेण्याची एसएमटीपी ही नियमावली जॉनथन पोस्टेल यांनी १९८२ मध्ये शब्दबद्ध केली. पेटीतील संदेश वाचकाच्या संगणकावर आणण्यासाठी पीओपी ही नियमावली १९८४ मध्ये प्रसिद्ध झाली. तिची तिसरी आवृत्ती १९८८ ची आहे. तिच्यात सामान्यतः संदेश उतरवून घेऊन सर्व्हरवरून पुसले जात. याउलट संदेश सर्व्हरवरच राहावेत व वाचकाने कोणत्याही संगणकावरून त्यांची व्यवस्था लावावी, असा विचार स्टॅनफर्ड विद्यापीठात मार्क क्रिस्पिन यांनी १९८६ मध्ये मांडला. आयमॅप या नावाने ती नियमावली प्रसिद्ध असून तिची चौथी आवृत्ती १९९४ मध्ये, तर त्या आवृत्तीची दुसरी सुधारणा २०२१ मध्ये आली.

आयमॅपमुळे सर्व्हरवरील पेटीचे काम कितीतरी पटींनी वाढले. एकाच व्यक्तीची एकच पेटी कचेरीतील संगणक, घरचा संगणक व खिशातील भ्रमणध्वनी अशा तीन ठिकाणांहून एकाच वेळी उघडली जाऊ शकते आणि एका ठिकाणी केलेला बदल इतर दोन ठिकाणी दिसावा लागतो. त्यासाठी प्रत्येक संदेशास एक ३२-बिट ओळख-क्रमांक देतात. हे क्रमांक चढत्या क्रमानेच द्यावयाचे असून एकदा दिलेला क्रमांक, संदेश नष्ट झाला तरी, पुन्हा वापरावयाचा नसतो. याशिवाय पेटीलाही एक वैधता-क्रमांक असतो. लायब्ररीस जुने क्रमांक कायम राखता आले नाहीत, तर तिने हा वैधता-क्रमांक बदलावा असा नियम आहे. तो बदलताच वाचन-आज्ञावली स्वतःजवळची साठवण टाकून देऊन सर्व पेटी नव्याने उतरवून घेते. हा नियम न पाळल्यास वाचकाने एक संदेश खोडण्यास सांगावे व दुसराच खोडला जावा, असा अनर्थ घडू शकतो.

सी-क्लायंट : क्रिस्पिन पुढे सिअ‍ॅटल येथील वॉशिंग्टन विद्यापीठात गेले. तेथे त्यांनी सी भाषेत लिहिलेली सी-क्लायंट ही लायब्ररी या प्रकारातील एक मूलभूत कृती मानली जाते. त्या विद्यापीठाचा आयमॅप सर्व्हर व पाइन ही लोकप्रिय वाचन-आज्ञावली या दोहोंचा पाया तीच होती. तिची मांडणी अशी : वर एक समान दर्शनी भाग असतो. त्यातील पेटी उघडणे, संदेश आणणे, खूण करणे, भर घालणे, खोडलेले संदेश कायमचे काढणे या उपआज्ञावली सर्व पेट्यांसाठी सारख्याच असतात. खाली प्रत्येक प्रकारच्या पेटीसाठी एकेक चालक असतो; एमबॉक्ससाठी एक, एमएचसाठी दुसरा, दूरस्थ आयमॅप सर्व्हरसाठी तिसरा, पीओपीसाठी चौथा. पेटीचे नाव मिळताच लायब्ररी एकेका चालकास ‘ही पेटी तुझी काय?’ असे जणू विचारते व जो होकार देईल त्याच्या हाती पुढील काम सोपविते. त्यामुळे वरच्या आज्ञावलीस पेटी कोणत्या रचनेची आहे, याच संगणकावर आहे की हजारो किलोमीटर दूर आहे, याची चौकशी करावी लागत नाही.

एमबॉक्सच्या उणिवा टाळण्यासाठी या लायब्ररीत एमबीएक्स नावाची रचनाही आणली गेली. तिच्या प्रारंभी २,०४८ बाइटांचा मथळा असून संदेशांच्या खुणांसाठी ठराविक लांबीची जागा राखलेली असते. त्यामुळे खूण बदलली तरी बाकीची फाइल हलवावी लागत नाही.

डव्हकॉट : फिनलंडमधील टिमो सिराइनेन यांनी २००२ मध्ये प्रसिद्ध केलेल्या डव्हकॉट या सर्व्हरमध्ये हीच विभागणी अधिक पुढे नेलेली आढळते. त्यातील साठवण लायब्ररी एमबॉक्स, मेलडिर व त्याची स्वतःची डीबॉक्स अशा रचना हाताळते. पेटीबरोबर तीन प्रकारच्या फाइली ठेवल्या जातात : संदेशांचे क्रमांक व खुणा यांची सूची, बदलांची रोजनिशी आणि वारंवार लागणाऱ्या मथळ्यांचा साठा. बदल प्रथम रोजनिशीत लिहिला जातो व मागाहून सूचीत उतरविला जातो. साठ्यात सरसकट सर्व मथळे न ठेवता वाचन-आज्ञावली ज्यांची मागणी करते तेच ठेवले जातात. या योजनेमुळे हजारो संदेशांची यादी प्रत्यक्ष संदेश न उघडता दाखविता येते. एमबॉक्स किंवा मेलडिर पेटीची सूची बिघडल्यास ती मूळ संदेशांवरून पुन्हा बांधता येते. डीबॉक्समध्ये मात्र खुणा सूचीतच असतात. तेथे सूची गमावली तर पत्रे राहतात, पण कोणते वाचले होते ही माहिती जाते.

या सर्व्हरची बरीच जादा कामे जोड-फाइलींकडे असतात. पेटीला जागेची मर्यादा घालणे, एकाच पेटीवर अनेकांचे कमीअधिक अधिकार ठरविणे, संदेश दाबून लहान करून ठेवणे, मजकुरात शोध घेणे यांसाठी स्वतंत्र सामायिक फाइली असून त्या साठवण लायब्ररीच्या उपआज्ञावलींभोवती आपले काम गुंफतात. जोड-फाइल व सर्व्हर यांच्या आवृत्ती जुळत नसल्यास सर्व्हर ती फाइल स्वीकारीत नाही. कारण स्मृतीतील मांडणी थोडी जरी वेगळी असली, तरी एकाच्या माहितीवर दुसऱ्याचे लेखन होऊन पेटी नासू शकते.

विश्वासार्हता : संदेश स्वीकारणाऱ्या सर्व्हरने ‘२५०’ हे उत्तर दिले, की त्या पत्राची जबाबदारी त्याच्यावर येते, असा एसएमटीपीचा नियम आहे. त्यानंतर प्रेषक सर्व्हर आपली प्रत पुसून टाकतो. आता फाइलीत लिहिलेला मजकूर लगेच चकतीवर जातोच असे नाही. काही काळ तो स्मृतीतच राहतो. उत्तर दिल्यानंतर व मजकूर चकतीवर उतरण्यापूर्वी वीज गेली, तर ते पत्र जगातून नाहीसे होते. पाठविणाऱ्यास ते पोहोचल्यासारखे वाटते आणि ज्याच्यासाठी ते होते त्याला ते लिहिले गेल्याचेही कळत नाही. नेमणुकीचे पत्र, न्यायालयाची सूचना किंवा रुग्णाचा तपासणी-अहवाल अशा रीतीने हरवला, तर त्याची तक्रार करावयासही कोणी उरत नाही. म्हणून लायब्ररीने मजकूर चकतीवर पक्का उतरवून घ्यावा, नंतर तो पेटीत हलवावा आणि त्यानंतरच होकार द्यावा, हा क्रम मोडता येत नाही. होकार देण्यापूर्वीच खंड पडला, तर प्रेषक सर्व्हर पुन्हा प्रयत्न करतो व क्वचित एकच पत्र दोनदा येते. पत्र हरविण्यापेक्षा दोनदा आलेले बरे, हे तत्त्व या सर्व रचनेच्या मुळाशी आहे. चकतीवर पक्के लेखन करण्यास वेळ लागतो. वेग वाढविण्यासाठी ही पायरी गाळण्याची सोय काही ठिकाणी असते, परंतु तिची किंमत वरीलप्रमाणे असते.

सुरक्षितता : सामायिक लायब्ररीतील दोष किती दूरवर पोहोचतो याचे उदाहरण २०१८ मध्ये दिसून आले. दूरस्थ पेटी उघडताना दुसऱ्या संगणकावर आज्ञा चालविणाऱ्या एका जुन्या आज्ञावलीची मदत घेण्याची सोय सी-क्लायंटमध्ये होती. पुढे अनेक प्रणालींत त्या आज्ञावलीच्या नावाखाली एसएसएच ही अधिक समर्थ आज्ञावली बसविली गेली. त्यामुळे पेटीच्या नावात विशिष्ट मजकूर घालून सर्व्हरवर हवी ती आज्ञा चालविता येणे शक्य झाले. संकेतस्थळे रचण्याच्या पीएचपी या भाषेतील टपालविषयक भाग हीच लायब्ररी वापरीत असल्याने धोका तेथपर्यंत पोहोचला. सोय निर्माण झाली तेव्हा ती निर्दोष होती. भोवतालची परिस्थिती बदलल्याने ती घातक ठरली.

देवनागरी आणि ई-टपाल : प्रारंभीचे ई-टपाल केवळ रोमन लिपीच्या सात-बिट संकेतांपुरते होते. १९९२ मध्ये नॅथॅनिएल बोरेनस्टाइन व नेड फ्रीड यांच्या माइम या नियमावलीने इतर लिप्या, चित्रे व ध्वनी यांस वाट करून दिली. ‘पुणे’ या शब्दात प, उकार, ण व एकार असे चार संकेतांक आहेत. यूटीएफ-८ या पद्धतीत देवनागरीच्या प्रत्येक संकेतांकास तीन बाइट लागत असल्याने तो १२ बाइटांचा होतो व बेस-६४ रूपात १६ अक्षरांचा बनतो. ‘पुणे’ शोधावयास सांगितल्यावर लायब्ररीने ही रूपे उलगडून तुलना केली नाही, तर समोर असलेले मराठी पत्रही तिला सापडत नाही. पेट्यांच्या नावांसाठी तर आयमॅपमध्ये आणखी एक निराळे सांकेतिक रूप दीर्घकाळ योजिले जात होते. २०२१ च्या सुधारणेत नावे थेट यूटीएफ-८ मध्ये लिहिण्याची तरतूद झाली. प्रत्यक्ष पत्ताच देवनागरीत लिहिण्यासंबंधीचे नियम २०१२ मध्ये निश्चित झाले आणि २०१४ मध्ये ‘.भारत’ हा प्रदेशनिर्देशक उपलब्ध झाला. मात्र असे पत्ते मार्गातील प्रत्येक सर्व्हरला व लायब्ररीला कळावे लागतात.

भारतात ई-टपालाचा प्रसार १९८६ मध्ये सुरू झालेल्या अर्नेट या शैक्षणिक व संशोधन जाळ्यातून झाला. या कार्यात मुंबईच्या नॅशनल सेंटर फॉर सॉफ्टवेअर टेक्नॉलॉजी या संस्थेचा प्रमुख वाटा होता. सर्वसामान्य ग्राहकांना इंटरनेट सेवा १५ ऑगस्ट १९९५ पासून मिळू लागली.

जतन : लायब्ररीचे आयुष्य तिच्या कर्त्यांच्या आयुष्याशी निगडित असते. वॉशिंग्टन विद्यापीठाच्या आयमॅप संचाची अखेरची आवृत्ती २०११ मध्ये निघाली व २०१२ मध्ये क्रिस्पिन यांचे निधन झाले. त्यानंतरही अनेक वर्षे सी-क्लायंट वापरात राहिली. पीएचपीच्या मूळ संचातून ती वापरणारा भाग २०२४ च्या आवृत्तीत वगळण्यात आला. लायब्ररी निवृत्त झाली तरी तिने सांभाळलेली पत्रे मागे राहतात. ज्या पेट्या साध्या मजकुराच्या फाइलींत आहेत, त्या मूळ लायब्ररीविनाही वाचता येतात. ज्या खास रचनेच्या सूचींवर अवलंबून आहेत, त्या वेळीच रूपांतरित कराव्या लागतात. संस्थांच्या अभिलेखागारांत ई-टपाल जतन करताना एमबॉक्ससारखी जुनी, अवजड पण उघड रचना अजूनही उपयोगी पडते, ती यामुळेच.